वरच्या टप्प्यावर ऐकू गेलं

तरसवाडीत रेश्माला सगळे 'भित्री सून' म्हणत, आणि ते काही अगदीच खोटं नव्हतं. दूध वर यायच्या आधीच ती गॅस बारीक करी, विहिरीवरून जाताना पोरीचा हात दोनदा चाचपे, माणसं कोंबलेली वडापची जीप घाटात वळली की ओठांतल्या ओठांत बिरोबाचा धावा करी. पण तिच्या साऱ्या भीतींत पाटलिणीसारखी मानानं बसलेली भीती एकच, शाळेमागची खाण.

रस्त्याच्या कामाला दगड हवा म्हणून कुणा ठेकेदारानं टेकडीचं पोट फोडलं होतं. रस्ता झाला, ठेकेदार गेला, आणि मागं अर्ध्या भाकरीसारखा खड्डा उरला. तीन बाजूंनी टप्प्याटप्प्यानं चढत गेलेला काळा दगड, चौथीकडं डंपरची मोकळी वाट. वरच्या काठाला ना तार, ना कुंपण. शाळा सुटली की पोरं बोरं काढायला नेमकी त्या काठावर, आणि त्यांत सात वर्षांची राणी, रेश्माची एकुलती एक, सगळ्यांच्या पुढं.

"काठाला कठडा करा," असं रेश्मा पंचायतीत सांगून आली होती. एकदा नाही, सून होऊन आल्यापासून दर वर्षी. मागच्या खेपेला एक सदस्य हसत म्हणाले होते, "आवं वहिनी, आजवर कोन पडलंय का? पडूंद्या की कुनीतरी, मग करू."

त्या रात्री तिला जेवण गेलं नव्हतं. नवरा बिरदेव कुपवाडला एका वर्कशॉपात वेल्डिंग करायचा आणि शनिवारी घरी यायचा. त्याला तिनं सांगितलं, तर तो म्हणाला, "आख्ख्या सांगलीच्या गॅलऱ्यांना मी ग्रिल बसीवतो. पंचायतीनं वरडायचा अवकाश, खाणीला बी बसीवतो. पर वरडाय तर पायजे!"

आणि पंचायत काही ओरडत नव्हती.

एक दिवस संध्याकाळी राणीला शोधत रेश्मा खाणीच्या तोंडाशी आली. ऊन कलतं होतं. दगडाच्या टप्प्यांच्या कडा तेवढ्या उजळल्या होत्या, एकीवर एक, पंख्याच्या काड्यांसारख्या. खाली मधोमध सपाट गोल जागा. रेश्मा थबकली. हे आपण पाहिलंय. कुठं?

साताऱ्याला, कॉलेजात. इतिहासाच्या तासाला मॅडमनी खिडक्या बंद करून भिंतीवर चित्रं दाखवली होती. ग्रीक लोकांची नाट्यगृहं. डोंगराचा उतार कोरून केलेल्या दगडी पायऱ्या, खाली गोल अंगण, वर नुसतं आभाळ. मॅडम म्हणाल्या होत्या, मधे उभं राहून साध्या आवाजात बोललं तरी शेवटच्या पायरीवरच्या माणसाला ऐकू जायचं. रेश्मानं ते परीक्षेपुरतं पाठ केलं, पुढं लग्न झालं आणि शिरवळच्या माहेराबरोबर ते चित्रही मागं राहिलं. आज ते असं शेळ्यांच्या लेंड्यांसकट समोर उभं होतं.

तिच्या डोक्यात काहीतरी लख्ख झालं. इतकी वर्षं आपण भीती सांगत बसलो. गावाला भीती कळत नाही. गावाला हौस कळते! खाणीत जत्रा बसली की कठडा आपसूक येईल.

घरी सासू बनुबाई ओट्यावर चातीवर लोकर पिळत बसल्या होत्या. त्यांचे कान अधू झाले होते, म्हणजे सोयीनं. कामाचं ऐकू येत नसे, पण स्वतःबद्दल कुणी पल्याडच्या आळीत बोललं तरी येई. रेश्मानं त्यांच्या कानाशी बसून सगळं सांगितलं.

"नाटक करायची व्हय ती लोकं? कशापायी?" बनुबाईंनी विचारलं.

"देवाच्या जत्रेत, आत्या. जत्रेतच व्हायची नाटकं. मधे देवाचा दगड, भोवती गडी गोल धरून नाचायचे, गायचे. एक जण पुढं होऊन म्हणायचा, बाकीचे मागनं सूर धरायचे."

"आगं, मग गजी आन् ओव्याच की ह्या! देव कोंचा त्यांचा?"

"द्राक्षांचा देव. दारूचाबी."

"म्हंजी तासगावकडचा," बनुबाईंनी निकाल दिला. "बरं, देवाला कापत काय हुते?"

"बोकड. असंही म्हणतात, की गाणाऱ्यांना बक्षीसच बोकडाचं असायचं. त्यांच्या त्या दुःखाच्या नाटकाचं नावच मुळी बोकडाचं गाणं."

बनुबाईंची चाती थांबली. "बोकडाचं गानं! मग ती आपलीच मानसं म्हनायची, रेश्मे. कोन त्यांस्नी ग्रीक म्हनतंय?"

ग्रामसभा शाळेच्या पटांगणात भरली. विषय एकच, जत्रेसाठी कायमचा रंगमंच. बाळासोंचं म्हणणं होतं, स्टॅंडवर पत्र्याचं शेड मारायचं आणि पुढं मोठ्ठा स्टेज. बाळासोंचा मंडप आणि स्पीकरचा धंदा. आसपासच्या वाड्यांत कुठंही लग्न असो, भिंती हादरायला लागल्या की लोक म्हणत, बाळासो आला. माणूस दिलदार, पण जिभेला धार.

रेश्मा उठली. तिनं पदर घट्ट खोचला.

"शेड नको. शाळेमागची खाण घ्या. टप्पे आयतेच आहेत, नीट पायऱ्या करायच्या. सगळं गाव बसेल. आणि स्पीकर लागणार नाही."

"स्पीकर न्हाई?" बाळासो उठले. "वहिनी, आख्खी जत्रा, आन् स्पीकर न्हाई? मग वरच्या लोकांनी काय, ओठाकडं बगून वळखायचं?"

हशा पिकला. रेश्मानं मोबाईलवरचा फोटो फिरवला. अडीच हजार वर्षांमागचं नाट्यगृह, पायऱ्यांवर मुंगीएवढी माणसं. फोटो पुढच्या रांगेतून मागं, मागून बायकांत असा फिरला.

"तिथं नुसती नाटकं नाही व्हायची," रेश्मा सांगू लागली. "नाटकात दोघं भांडायचे. दोघांचंही म्हणणं पटायचं. बघणाऱ्यानं घरी जाऊन विचार करायचा, खरं कुणाचं. आणि गावाचा कारभारसुद्धा ते असाच टेकडीच्या उतारावर बसून, सगळ्यांदेखत ठरवायचे. ज्याला बोलायचं त्यानं उठून बोलायचं."

"बायका बी?" सरपंच अंजनाताईंनी विचारलं. खुर्चीत त्या होत्या, पण अजून निम्मं गाव त्यांच्या नवऱ्यालाच सरपंच म्हणत होतं.

रेश्माला खोटं बोलवेना. "नाही ताई. बायकांना बोलायचा हक्क नव्हता तिथं."

"मग तेवढं सोडून बाकीचं घिऊ," अंजनाताई म्हणाल्या, आणि या वेळी बायका मोठ्यानं हसल्या.

पिंपळाच्या पारावरून धुळातात्या उठले. बिरदेवचे चुलते, धनगरी ओव्यांचे म्होरके. गेल्या जत्रेत ते देवाच्या जन्माची कथा गात होते आणि शेजारच्या गल्लीत डीजे सुरू झाला. तात्यांनी कथा अर्ध्यात मिटवली, देवाला हात जोडले आणि घोंगडं खांद्यावर टाकून घरी गेले. त्यानंतर ते चारचौघांत गायलेच नव्हते.

"पोरी, खरंच ऐकू जातंय का?" त्यांनी एवढंच विचारलं.

रेश्मा 'हो' म्हणायला गेली आणि अडली. चित्र तिनं पाहिलं होतं. आवाज कुठं ऐकला होता?

बाळासोंनी ते अडणं अचूक टिपलं. "लावा की मग पारख! रविवारी समदं गाव खाणीत. वरच्या टप्प्यावर बनुमावशी बसत्याल. त्यांस्नी ऐकू आलं, तर शेड रद्द. आन् सासू-सुनेचं आतनं काय ठरू नये म्हनून मी शेजारी बसनार."

"म्हंजी मी भैरी असं म्हनतोयस व्हय रं मुडद्या?" बनुबाई लांबून कडाडल्या.

"बगा! हे ऐकू आलं!" बाळासो म्हणाले.

अंजनाताईंनी ठराव घातला. ऐकू गेलं तर खाण, नाही गेलं तर स्टॅंडवर शेड. म्हणजे काठ आहे तसाच उघडा. हे शेवटचं कुणी म्हणालं नाही, पण रेश्माला तेवढंच ऐकू आलं.

रविवारी दुपार टळल्यावर गाव खाणीत जमलं. तरणे गडी वरच्या टप्प्यांवर, बायका मधे, म्हातारे खालच्या सावलीत. बनुबाईंना शेळ्यांच्या वाटेनं हळूहळू वर नेऊन बसवलं, शेजारी बाळासो. राणी आजीच्या मांडीशी.

"आजीला सोडायचं नाही," रेश्मानं तिला बजावलं. "काठाकडं जायचं नाही. बोरांकडं बघायचंसुद्धा नाही."

"व्हय गं," राणी म्हणाली. आजीजवळ राहून ती आजीसारखं बोलायची.

धुळातात्या मधोमध उभे राहिले. उभा जन्म मेंढरांमागं गेलेला माणूस, या डोंगरावरून त्या डोंगरावरच्या सोबत्याला हाक मारणारा. त्यांनी छाती भरून घेतली आणि तशीच हाळी दिली. "होऽऽऽ बनुबाऽऽऽय!"

खाणीनं ती हाळी उचलली, या भिंतीवर आपटली, त्या भिंतीवर आपटली, आणि ओऽऽओऽऽचा नुसता गोळा करून परत फेकली.

"काय म्हनलं?" वरून बनुबाई.

"काय बी कळंना!" वरून बाळासो, आनंदानं.

मग दिग्विजय पुढं झाला. फौजेतून नुकताच निवृत्त झालेला, परेड गाजवलेला गडी. "सावधाऽऽऽन!" खाणीत नुसतं धान-धान-धान झालं आणि पोरं खिदळायला लागली. मग ज्याला त्याला हुरूप आला. एकानं बायकोला हाक मारली, एकानं बैलाला. जितकं ऐकू येईना तितकं प्रत्येक जण अधिक जोरात ओरडू लागला. माळरानावरची माणसं ती. लांबच्याशी बोलायचं तर ओरडायचं, एवढंच त्यांना आईच्या पोटातून ठाऊक.

"हळू! हळू बोला!" रेश्मा सांगत होती, पण त्या कालव्यात ते शेजारच्यालाही गेलं नाही. घरचं उदाहरणही तिच्या ओठाशी होतं, की मोरीत ओरडलं की शब्द फुटतो आणि पुटपुटलं की स्वच्छ ऐकू येतो. ऐकणार कोण?

"झालं!" बाळासोंनी वर उभं राहून हात झटकले. "लय झालं! फोटो झ्याक हुता वहिनी, पर हे तरसवाडी हाय. चला, शेडच्या कामाला लागू."

लोक कपडे झटकत उठू लागले. कुणी हसत होतं, कुणी कीव करत होतं. कालवा ओसरला. धुळातात्या मान खाली घालून बाजूला झाले आणि मधल्या गोलात रेश्मा एकटी उरली. पण सवय ती सवय, रडायच्या आधी तिनं नजर वर टाकून पोरीला शोधलं.

आजीच्या मांडीशी राणी नव्हती.

ती काठावर होती. बनुबाईंच्या आणि बाळासोंच्या पाठीमागं, त्यांच्याही वर. एक हात बोरीच्या फांदीला, एक पाय काठाच्या टोकावर, आणि दुसरा हात हवेत लोंबणाऱ्या पिकल्या बोराकडं. तिच्या टाचेखालून माती सुटली आणि बारीक खडे खाली आले.

रेश्माच्या पोटातून किंकाळी उठली. दातांपर्यंत आली. आणि तिथंच तिनं ती आवळली. मागं एकदा राणी कडब्याच्या गंजीवर चढली होती आणि रेश्मा अशीच किंचाळली होती. पोर गंजीवरून घसरली नव्हती, आईच्या आवाजानं दचकून पडली होती. हनुवटीवर टाक्यांची खूण अजून होती.

वर आवाज जाणार नाही, हे आत्ताच सगळ्या गावानं पाहिलं होतं. तरी तिला दुसरं काही येत नव्हतं. वेणी घालताना ज्या आवाजात ती पोरीशी बोलायची, त्याच आवाजात, प्रत्येक शब्द सुटा सुटा ठेवत, ती बोलली.

"राणी. बोर राहू दे, बाळा. आहे तिथंच खाली बस."

काठावर राणीनं मान वळवली. आणि बसली.

"हां. आता बसल्या बसल्या मागं सर."

"आई, झग्यात काटा अडाकलाय," राणी म्हणाली. तीही आईशी बोलतात तशीच, हळू. आणि ते बारीक बोलणं टप्प्याटप्प्यावरून उतरत खाली आलं, स्वच्छ, जणू कुणी तळहातावर आणून ठेवलं.

"अडकू दे. झगा फाटला तरी चालेल. सर मागं."

टर्रकन कापड फाटलं. तेही ऐकू आलं. राणी मागं सरली, आणखी मागं सरली. तोवर वळून बघून बाळासो धावले होते. त्यांनी पोरीला बखोटीला धरून उचललं आणि छातीशी घेतलं.

उठलेली माणसं अर्धवट वाकलेली, तशीच थांबली. मग सगळ्यांत वरून, आपल्या नेहमीच्या ठणठणीत आवाजात, बनुबाई म्हणाल्या, "आगं रेश्मे! झगा फाटला तरी चालंल म्हनालीस! नवा झगा मी घेतलाया की गं त्यो!"

क्षणभर कुणाला कळलंच नाही. मग आधी अंजनाताईंना कळलं.

"ऐकलं!" त्या उठून म्हणाल्या. "बनुमावशीनं ऐकलं!"

"मावशीचं सोडा," बाळासो म्हणाले. राणी त्यांच्या खांद्यावर होती आणि त्यांचा स्वतःचा आवाज कापत होता. "मला वाटलं वहिनी माज्या पाठीमागं हुबी ऱ्हाऊन बोलतिया. स्पीकरवाला हाय मी, आवाज वळखतो. असा आवाज माज्या कुठल्या बी पेटीतनं निगत न्हाई."

मग खाणीत जो जल्लोष झाला, तो मात्र सगळा धान-धान-धानच झाला. रेश्मा खाली मटकन बसली होती. बाळासोंनी राणीला आणून तिच्या ओटीत घातलं. तिनं पोरीचे हात तपासले, पाय तपासले, हनुवटी तपासली आणि मग पहिल्यांदा श्वास घेतला.

"तात्या," ती म्हणाली, "आता तुम्ही. हाळी देऊ नका. मेंढरांच्या तळावर, शेकोटीपाशी गाता ना, तसं."

धुळातात्या मधे आले. त्यांनी डोळे मिटले, कानावर हात ठेवला आणि देवाच्या नावानं सुंबरान मांडलं. आवाज म्हातारा, थोडा फाटका. पण शब्दन् शब्द टप्पे चढत गेला. गेल्या जत्रेत अर्ध्यावर मिटलेली कथा त्यांनी नेमकी तिथूनच उचलली. वरच्या टप्प्यावरून बनुबाईंनी सूर धरला, मग बायकांनी, मग गड्यांनी. बाळासो तोंड उघडं टाकून ऐकत होते.

कथा संपल्यावर अंजनाताईंनी तिथंच, दगडावर उभं राहून सांगितलं, "आधी कठडा. मग पायऱ्या. मग जत्रा."

मागं 'पडूंद्या की कुनीतरी' म्हणून हसलेले तेच सदस्य चुळबुळले. "ताई, पायऱ्या आधी घिऊ. कठड्याची घाई काय? आजवर कोन—"

"आजवर कोन पडलं न्हाई," अंजनाताई म्हणाल्या, "म्हनूनच आधी कठडा."

हळूच बोलल्या त्या. पण खाणीतल्या शेवटच्या माणसापर्यंत गेलं, आणि त्या दिवसापासून गावात त्यांच्या नवऱ्याला कुणी सरपंच म्हणालं नाही.

कठडा कुपवाडहून टेंपोत आला. बिरदेवनं आणि त्याच्या सोबत्यांनी सुट्टीच्या दिवसांत वेल्डिंग केलं होतं, प्रत्येक खांब दोनदा हलवून पाहिला होता, कारण बायको तिसऱ्यांदा हलवणार हे त्याला ठाऊक होतं. रंग भंडाऱ्याचा, पिवळाधमक. लांबच्या रस्त्यावरून पाहिलं की टेकडीला कुणी कंठी घातल्यासारखं दिसे.

जत्रेला आसपासच्या वाड्यांवरून माणूस लोटला. कडेगावकडून पाहुणे आले, साताऱ्याहून रेश्माच्या मॅडम आल्या. पांढऱ्या केसांच्या मॅडम पायऱ्यांच्या मधोमध बसल्या आणि मान वळवून वळवून बघत राहिल्या. "भिंतीवर दाखवत आले गं जन्मभर," त्या म्हणाल्या, "बसले आज पहिल्यांदा." खाली गोलात देवाचा दगड मांडला होता, त्यावर भंडारा. ढोल घुमला, गजीच्या गड्यांनी रुमाल उडवत फेर धरला. बाळासोंचे स्पीकर लांब रस्त्याला होते, गाड्या कुठं लावायच्या ते सांगायला. बाळासो स्वतः मात्र पायऱ्यांवरून फिरत लोकांना दटावत होते, "कुजबुजू नका रं! हितं समदं ऐकू जातंय. सासूबद्दल बोलायचं आसंल तर भाईर जाऊन बोला!"

ओव्यांच्या आधी शाळेची पोरं आली. पहिली ओळ राणीची होती. नव्या झग्यातली राणी देवाच्या दगडाशेजारी येऊन उभी राहिली. ढोल थांबला.

रेश्मा सगळ्यांत वरच्या पायरीवर होती. कठड्याला लागून, एक हात पिवळ्या नळीवर घट्ट आवळलेला, आणि नजर खाली नाही, मागं. काठाकडं कुठलं पोर गेलंय का, बोरीखाली कोण आहे का, कुणाचं डोकं कमी दिसतंय का.

राणीनं ओळ म्हटलीच नाही. ती वर बघत राहिली. हजारभर माणसं श्वास धरून होती. बनुबाई पुटपुटल्या, "इसारली वाटतं गं पोर." आणि तेही सगळ्यांना ऐकू गेलं.

मग राणी बोलली. वेणी घालताना बोलतात तशी, हळू.

"आई. कठडा पक्का हाय. त्यो सोड आन् माज्याकडं बग की."

सगळी खाण हसली. सगळ्या माना वर वळल्या. रेश्मा लाजली, हसली, डोळे पुसले. मग तिनं नळीवरचा हात सोडला, एक एक बोट करून, आणि दोन्ही हात मांडीवर घेऊन खाली बघितलं.

राणीनं ओळ सुरू केली.